वाड्यातले कागद कोणाचे?

(जिल्हा बैठकीत सकाळच्या सत्रात केलेले भाषण)



कापसावर आणि ज्वारीवर दुपारी बोलायचेच आहे. त्याआधी हा एक तास मी मागून घेतला आहे तो वेगळ्याच विषयासाठी. विषय ऐकून काही जण म्हणतील, ह्याचे डोके फिरले. मला बोलायचे आहे जुन्या कागदांबद्दल आणि जुन्या फोटोंबद्दल. तेही आपल्या घरातल्या नव्हे, पुढाऱ्यांच्या घरातल्या. ज्या घरात आजा लोकल बोर्डात होता, बाप आमदार होता आणि आता नातू तिकीट मागतो आहे, अशा घरातल्या. अशी घरे आपल्या प्रत्येक तालुक्यात एकदोन तरी आहेतच.

तुम्ही विचाराल, त्यांच्या ट्रंकांशी आपले काय घेणे? त्यांचे ते बघतील. मीही बारा वर्षांपूर्वी नेमके हेच म्हणालो होतो. त्यावेळी माझ्या हातून एक चूक झाली. ती आज तुमच्यासमोर सांगून टाकतो, म्हणजे तुमच्या हातून ती होणार नाही.

तीन पोती रद्दी

आमच्या तालुक्यात असे एक राजकारणी घर आहे. नाव सांगत नाही, कारण ते घर आपल्या बाजूचे नाही आणि आपण त्यांच्या बाजूचे नाही. कापसाच्या भावावरून त्यांच्या दारात मी स्वतः दोनदा ठिय्या दिला आहे. साहेब वारले, त्यानंतर दुसऱ्या वर्षी त्यांच्या पत्नीने, गाव त्यांना माई म्हणते, मला निरोप धाडला. मी गेलो. मागच्या खोलीत पाच ट्रंका आणि बरीच पोती होती. माई म्हणाल्या, "बाबू, तू शिकलेला आहेस. ह्या कागदांचं काय करू रे? उधई लागून राह्यली. पोरं म्हणतात जाळून टाक."

मी एक पोते उघडले. वर लग्नपत्रिका होत्या, कारखान्याचे अहवाल होते, सत्काराचे हार घातलेले फोटो होते. माझ्या मनात त्या घराविषयी राग होताच. मी म्हणालो, "माई, हे आमच्या काय कामाचं? रद्दीवाल्याला द्या, चार पैसे येतील." माईंनी तीन पोती दिली. ट्रंकांना कुलूप होते आणि किल्ली सापडत नव्हती, एवढ्याच कारणाने त्या वाचल्या.

गेल्या उन्हाळ्यात त्यांच्या नातवाने कुलपे तोडली आणि मला बोलावले. आम्ही दोघे आठ दिवस बसलो. तिसऱ्या ट्रंकेत एक गठ्ठा निघाला, सुतळीने बांधलेला, वर चिठ्ठी: "दुष्काळ, अर्ज". १९७२-७३ सालातले अर्ज होते ते. पोस्टकार्डे, वहीची फाडलेली पाने, सिगारेटच्या पाकिटाच्या आतल्या कागदावर लिहिलेली एक चिठ्ठी. गावोगावच्या लोकांनी आमदाराला लिहिलेली. आणि त्यात एक पोस्टकार्ड माझ्या वडिलांचे होते.

माझे वडील चौथी शिकलेले. ते पत्र लिहीत असतील हे मला माहीतच नव्हते. आमच्या घरात त्यांच्या हातचे अक्षर म्हणून काहीच नाही. सातबाऱ्यावर नाव आहे ते तलाठ्याच्या अक्षरात, आणि सोसायटीच्या पुस्तकात नुसती सही आहे. त्या पोस्टकार्डावर त्यांनी लिहिले होते की ज्वारी निसवलीच नाही, कडबा संपला, गावात चाळीस माणसे कामाला तयार आहेत, गावच्या नाल्यावर पाझर तलावाचे काम द्यावे. आणि समासात, निळ्या पेन्सिलीने, साहेबांच्या हातचा शेरा: "तहसीलदारांशी बोललो. काम धरावे."

तो पाझर तलाव आजही आहे. त्यावर कोनशिला आहे आणि कोनशिलेवर आमदारांचे नाव आहे. मागणी कोणी केली ते कोनशिलेवर नाही. ते फक्त त्या पोस्टकार्डावर आहे.

आता माझी अवस्था काय झाली असेल ते बघा. एक गठ्ठा असा निघाला. मी रद्दीत घालवलेल्या तीन पोत्यांत असे किती गठ्ठे होते? कोणाच्या बापाचे, कोणाच्या आजीचे अर्ज होते? ते आता कोणालाच सांगता येणार नाही. कागदाची लुगदी होऊन तिचे पुठ्ठे झाले, आणि त्याला कारण मी आहे.

वाड्याच्या कागदात गावाचा इतिहास

आपल्या घरात कागद टिकत नाहीत. कौल गळते, उंदीर आहे, चुलीला धसकटाबरोबर कागदही लागतो. पण आपण जे कागद दुसऱ्याला पाठवले ते दुसऱ्याच्या घरात राहतात. गरिबाने पुढाऱ्याला अर्ज केला, अर्जाची नक्कल गरिबाकडे राहिली नाही, मूळ पुढाऱ्याच्या पेटीत राहिले. म्हणून राजकारणी घराचे कागद जपणे म्हणजे त्या घराची आरती करणे नव्हे. कोर्टात विरुद्ध पक्षाचे दफ्तर जप्त झाले तर आपला वकील ते जाळून टाकतो का? तो ते पानापानाने वाचतो. त्या ट्रंकांत त्यांनी केलेले काम असेल तर ते दिसेल, आणि न केलेले असेल तर तेही दिसेल. ज्या अर्जावर शेराच नाही, तो अर्जही बोलतो.

कागदाची किंमत तुम्हाला मी शिकवायला नको. फेरफाराचा एक कागद हरवला तर दोन पिढ्या तारखा करतात. कापूस दिल्याची पावती हरवली की चुकारा अडकतो. जमिनीच्या बाबतीत आपण इतके जागरूक आहोत. मग आपल्या भागात कोणी काय ठरवले, कोणत्या गावाला धरण मिळाले आणि कोणत्या गावाला नाही, ह्याचा सातबारा कुठे आहे? सरकारी दफ्तरात हुकूम सापडतो. हुकमाआधी कोण कोणाला भेटले आणि काय बोलणे झाले, हे घरच्या कागदांत सापडते.

अमरावतीची डायरी

आपल्याच वऱ्हाडातले उदाहरण सांगतो. अमरावतीचे दादासाहेब खापर्डे तुम्ही ऐकलेले असतील. मोठे वकील, लोकमान्य टिळकांचे जवळचे सहकारी. १८९७ साली अमरावतीला काँग्रेसचे अधिवेशन झाले तेव्हा स्वागताध्यक्ष तेच होते. १९०८ साली टिळकांना मंडालेची शिक्षा झाली, तेव्हा त्यांची बाजू मांडायला खापर्डे विलायतेला गेले. पुढे दिल्लीच्या कौन्सिल ऑफ स्टेटमध्ये बसले. १९३८ साली वारले. त्यांचे चिरंजीव बाळासाहेबही राजकारणात होते, आणि त्यांनीच पुढे वडिलांचे चरित्र लिहिले. म्हणजे हे घर आपल्या आजच्या विषयातलेच.

ह्या माणसाला एक सवय होती. रोज रात्री डायरी लिहायची. इंग्रजीत लिहायची. कोण आले, काय बोलले, कोणता खटला चालला, प्रकृती कशी होती. वर्षानुवर्षे लिहिली. त्या डायऱ्या आज दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारात आहेत. टिळकांच्या राजकारणावर काम करणारा अभ्यासक त्या पाहिल्याशिवाय पुढे जात नाही.

पण गंमत पुढेच आहे. १९१० ते १९१२ च्या दरम्यान खापर्डे शिर्डीला जाऊन राहिले होते. एकदा तर काही महिने सलग राहिले. तिथेही डायरी चालूच होती. आज त्या पानांचे स्वतंत्र पुस्तक आहे आणि राजकारणाशी काडीचा संबंध नसलेले हजारो भाविक ते वाचतात, कारण साईबाबांच्या हयातीत त्यांच्याजवळ राहून रोजच्या रोज लिहिलेला असा मजकूर फार थोडा आहे. खापर्ड्यांनी लिहिताना हे मनात धरले होते का? नाही. ते आपला दिवस लिहीत होते.

ह्यातून एवढेच घ्यायचे की पुढच्याला काय लागेल हे मागच्याला कळत नाही. मी पोत्यात लग्नपत्रिका पाहिल्या आणि रद्दी म्हणालो. त्याच लग्नपत्रिकांवरून कोणते घर कोणत्या घराशी जोडले गेले, आणि मग कोणाला तिकीट मिळाले, हे एखाद्याने दाखवून दिले असते. तेव्हा निवड आपण करायची नाही. आपण राखायचे.

दिल्लीतली भांडणे

आता मोठ्या घरांकडे बघू. देशातले सगळ्यात मोठे राजकारणी घर नेहरूंचे. जवाहरलाल नेहरू १९६४ साली वारले. ते राहत होते त्या तीन मूर्ती भवनात त्यांचे स्मारक, संग्रहालय आणि ग्रंथालय झाले. २०२३ साली त्याचे नाव बदलून पंतप्रधान संग्रहालय आणि ग्रंथालय झाले. तिथे नेहरूंचे कागद आहेत आणि इतरही शेकडो सार्वजनिक माणसांचे खासगी कागद आहेत. नेहरूंच्या कागदांचा मोठा भाग कुटुंबाकडून १९७१ साली तिथे आला. अलाहाबादचे आनंद भवन इंदिरा गांधींनी १९७० साली देशाला दिले. बापलेकीची पत्रे सोनिया गांधींनी संपादित करून १९८९ आणि १९९२ साली दोन खंडांत छापली. राजीव गांधींनी काढलेल्या फोटोंचेही पुस्तक १९९५ साली निघाले. म्हणजे त्या घराने कागद जपले, दिले आणि छापलेही.

मग भांडण कशाचे? २००८ साली त्या ग्रंथालयातून नेहरूंच्या कागदांची ५१ खोकी सोनिया गांधींकडे परत गेली. त्यात आइन्स्टाइन, जयप्रकाश नारायण, एडविना माउंटबॅटन अशांशी झालेला पत्रव्यवहार असल्याचे सांगितले जाते. २०२४ साली त्या संस्थेच्या एका सदस्याने पत्रे लिहून ती खोकी किंवा त्यांच्या नकला परत मागितल्या. २०२५ साली हा प्रश्न संसदेतही निघाला. एक बाजू म्हणते, हा देशाचा ठेवा. दुसरी बाजू म्हणते, ही घरची पत्रे.

माझे ऐकाल तर ह्यात काँग्रेस आणि भाजप करू नका. आपण कास्तकार आहोत, आपण हे वाटणीच्या नजरेने बघू. दोन भावांनी तोंडी वाटणी केली, धुरा घातला, पण वाटणीपत्र केले नाही. चाळीस वर्षे सगळे ठीक चालले. नातवांच्या काळात भांडण उभे राहिले. इथेही तसेच आहे. कागद देताना कोणता कायमचा दिला, कोणता सांभाळायला दिला, कोणता किती वर्षे उघडायचा नाही, हे दोन्ही बाजूंना मान्य होईल असे सुरुवातीलाच लिहून ठेवले असते तर खोक्यांवरून संसदेपर्यंत जायची वेळ आली नसती.

दुसरे उदाहरण बाबासाहेब आंबेडकरांचे. ते काळजाला लागणारे आहे. ६ डिसेंबर १९५६ ला दिल्लीच्या अलीपूर रोडवरच्या बंगल्यात बाबासाहेब गेले. मागे छापून न झालेली हस्तलिखिते राहिली, अपुरी पुस्तके राहिली. बंगला भाड्याचा. त्यांच्याजवळच्या माणसांनी लिहून ठेवले आहे की १९६७ साली त्या घरातले कागद बाहेर अंगणात टाकले गेले आणि त्यावर पाऊस पडला. जे उरले ते पेट्यांत बंद होऊन कोर्टाच्या ताब्यात गेले, कारण वारसाहक्काचा प्रश्न होता. नागपूरच्या एका वकिलाने कोर्टात अर्ज केला की मला छापू द्या, नाहीतर सरकारने छापावे. महाराष्ट्र सरकारने समिती नेमली होतीच. नागपूरचेच वसंत मून त्या कामाला भिडले. १९७९ साली पहिला खंड निघाला, आणि पेट्यांतली हस्तलिखिते १९८७ पासूनच्या खंडांत आली. बाबासाहेब गेल्यानंतर तीस वर्षांनी ती पाने लोकांच्या हाती पडली. जी पावसात गेली त्यांत काय होते, ते कोणीच सांगू शकत नाही.

ज्याने देशाची घटना लिहिली त्याच्या कागदांवर पाऊस पडतो, तर आपल्या तालुक्यातल्या ट्रंकांची काय कथा!

मग कागद कोणाचे?

सरकारी फाइल असेल तर प्रश्नच नाही, ती सरकारची. मंत्री घरी घेऊन आला म्हणून ती घरची होत नाही. केंद्राच्या कागदांसाठी १९९३ साली आणि महाराष्ट्राने २००५ साली सार्वजनिक अभिलेखांचा कायदा केला आहे. पुढाऱ्याला आलेले पत्र असेल तर कागद त्याच्या घरचा, पण त्यातला मजकूर छापण्याचा हक्क पत्र लिहिणाऱ्याचा. म्हणजे माझ्या वडिलांचे पोस्टकार्ड माईंच्या घरचे आहे आणि त्यातले शब्द आमचे आहेत. मला हा हिशेब न्याय्य वाटतो.

आणि काही कागद खरोखरच घराचे असतात. दुखण्याखुपण्याचे, सोयरिकीचे, भावाभावांतल्या रागाचे. माईंच्या ट्रंकेत अशीही पत्रे होती. नातू वाचायला लागला तेव्हा मी त्याचा हात धरला. ती आम्ही वेगळ्या कापडात बांधली आणि वर लिहिले, "माईंच्या हयातीत आणि नंतर तीस वर्षे उघडू नये". फाडली नाहीत. लोकांना वाटते की एकतर सगळे उघडे करायचे नाहीतर सगळे जाळायचे. मधला रस्ता आहे. अभिलेखागारे तो मान्य करतात. देणाऱ्याने अट घालावी, मुदत घालावी, लिहून घ्यावे आणि पोच घ्यावी.

हे काम कसे करायचे

मी पदवी शेतीची घेतली आणि काही वर्षे मातीपरीक्षणाच्या प्रयोगशाळेत काढली. तिथले एक दुखणे सांगतो. लोक पिशवीत माती घेऊन यायचे आणि चिठ्ठी नसायची. कोणत्या गटातली, किती खोलीवरची, आधी कोणते पीक होते, काहीच नाही. अशी पिशवी टेबलावर आली की तिला नमुना म्हणत नाहीत, ती नुसती माती. फोटोचेही तसेच. मागे नाव, गाव, साल नसेल तर तो पन्नास वर्षांनी नुसता पुठ्ठा.

पहिली गोष्ट, क्रम मोडू नका. खोल मुळांच्या पिकासाठी आपण थराथराने माती घेतो, वरची वेगळी, खालची वेगळी. एकत्र कालवली की ज्ञान गेले. ट्रंकेतही थर असतात. साहेबांनी "दुष्काळ, अर्ज" असा गठ्ठा बांधला, ह्यातही माहिती आहे. आपण हुशारी करून गावांप्रमाणे लावायला गेलो तर ती गेली. जसे निघाले तसे ठेवा, ट्रंकेला क्रमांक द्या, गठ्ठ्याला क्रमांक द्या आणि वहीत यादी करा.

दुसरी, ट्रंक उघडताना सांभाळा. जुन्या घरांत कसर लागू नये म्हणून कागदांवर डीडीटी नाहीतर बीएचसीची भुकटी मारायची पद्धत होती. त्या बीएचसीवर १९९७ साली बंदी आली, पण भुकटी अजून कागदांत आहे. तोंडाला फडके बांधा, अंगणात उघडा, लहान पोरे दूर ठेवा, हात धुऊन मगच जेवा. फवारणीची विषबाधा काय असते हे आपल्या भागाला वेगळे सांगायला नको.

तिसरी, ओल आणि उधई. उधई जमिनीतून आणि भिंतीतून चढते. ट्रंक भिंतीला टेकवू नका, विटांवर नाहीतर लोखंडी घडवंचीवर उंच ठेवा आणि दर पंधरा दिवसांनी खालून बघा. कसर खळीवर जगते, म्हणून चिकटवलेल्या कागदांवर आधी नजर ठेवा. भिजलेला कागद उन्हात टाकू नका, सावलीत वाऱ्यावर वाळवा. फोटो तर उन्हात मुळीच नको. प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधून ठेवू नका, आतली ओल आत राहते आणि बुरशी धरते. कडुलिंबाचा पाला घालायचा असेल तर पूर्ण वाळलेला, पुरचुंडीत, कागदाला न लागता.

चौथी, बांधायला धुतलेले सुती कापड घ्या. पुण्याच्या पेशवे दफ्तरात कागदांच्या गठ्ठ्याला रुमाल म्हणतात, कारण कागद कापडातच बांधत असत. आपण कापूस पिकवतो, चार वार मांजरपाट आपल्याला जड नाही. गंजलेल्या टाचण्या हळूच काढा. फाटलेल्या पत्राला चिकटपट्टी लावू नका, तिचा डिंक पिवळा पडून कागदात उतरतो. लॅमिनेशन तर कधीच करू नका. दुकानदार म्हणतो, पक्के होईल. ते पक्के होते, पण पुन्हा सुटत नाही.

पाचवी, फोटो. सगळ्यात जास्त घाई इथे आहे. प्रत्येक राजकारणी घरात एक फोटो असतोच. मधे साहेब, गळ्यात हार, आजूबाजूला वीस माणसे. मधल्याचे नाव सगळ्यांना ठाऊक असते. कडेच्या वीस जणांचे कोणालाच नाही. ते वीस जण आपल्या गावचे आहेत. त्यांना ओळखणारी माणसे आज ऐंशीच्या पुढची आहेत. आम्ही माईंचे ६० फोटो घेऊन पारावर बसलो. एका म्हाताऱ्याने बोट ठेवून सांगितले, हा माझा साळा, हा मास्तर, ही बाई सुईण होती. आम्ही पाठीमागे, कडेला, मऊ पेन्सिलीने, जोर न देता लिहिले. बॉलपेन वापरू नका, पुढे उमटते. डावीकडून उजवीकडे नावे लिहा. बाईचे नाव लिहिताना "अमक्याची बायको" एवढ्यावर थांबू नका, तिचे नाव विचारा. जे माहीत नाही तिथे "माहीत नाही" असे लिहा. अंदाजाने नाव टाकले तर चूक कायमची होते.

सहावी, मोबाइलवर फोटो काढून ठेवा, दिवसाच्या उजेडात, सावलीत, कागद सपाट ठेवून. दोन ठिकाणी साठवा. पण मोबाइलमध्ये आले म्हणून मूळ फेकू नका. मोबाइल तीन वर्षांत जातो. माझ्या वडिलांचे पोस्टकार्ड पन्नास वर्षे टिकले.

द्यायचे कुठे

घरात जागा आहे आणि लक्ष द्यायला माणूस आहे, तोवर घरात राहू द्या. नसेल तर नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला राज्य सरकारची पुराभिलेखागारे आहेत. पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ १९१० पासून आहे. दिल्लीचे राष्ट्रीय अभिलेखागार खासगी कागदही घेते. आधी पत्र लिहा, यादी जोडा, काय घेतील ते विचारा. विद्यापीठातल्या इतिहासाच्या प्राध्यापकालाही विचारा. वि. का. राजवाडे मराठ्यांच्या इतिहासाच्या साधनांसाठी घरोघर हिंडले आणि त्यांनी २२ खंड छापले. त्यांच्याजवळ ना गाडी होती ना फोन. आपल्याजवळ दोन्ही आहे.

आता तुम्ही म्हणाल, ज्यांच्याशी आपण भांडतो त्यांच्या दारात जाऊन कागद मागायचे? होय, मागायचे. भाव मागताना मान खाली घालत नाही, तशी इथेही घालायची नाही. मी माईंकडे गेलो, आधी तीन पोत्यांची माफी मागितली. त्या म्हणाल्या, "तुला तरी काय ठाऊक होतं रे." मग त्यांनी ते पोस्टकार्ड माझ्या हातात ठेवले, घरी ने म्हणाल्या. मी नेले नाही. मोबाइलवर फोटो काढला आणि मूळ त्याच गठ्ठ्यात, दोन अर्जांच्या मधे, जिथे होते तिथे परत ठेवले. घरी नेले असते तर ते माझ्या बापाचे पत्र झाले असते. तिथे ते एका दुष्काळातल्या शंभर अर्जांपैकी एक आहे, आणि तीच त्याची खरी जागा आहे.

तेव्हा पुढच्या बैठकीपर्यंत प्रत्येक तालुक्याने तीन कामे करावीत. आपल्या भागात असे जुने राजकारणी घर कोणते, त्याची यादी करावी. त्या घरी जाऊन फक्त एवढेच सांगावे की विकू नका, जाळू नका, आम्ही मदतीला येतो. आणि गावातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाला एक तरी जुना फोटो दाखवून त्यातली नावे लिहून आणावीत. खर्च एका पेन्सिलीचा आहे.

दुपारी कापसावर बसू. तोवर चहा घ्या.